मुकीची बोलकी

तिची आई लहानपणीच्या तापात बहिरी झाली होती. बोलायला शिकली होती तेच मुळात थोडं, आणि ऐकू येईनासं झाल्यावर तेही गेलं. बहिरी आणि मुकी यांतला फरक शोधत बसायला गल्लीतल्या लोकांना सवड नव्हती. त्यांनी तिला मुकी ठरवून टाकलं. पुढे तिला मुलगी झाली. आई हाकेनं येत नाही, हे त्या पोरीला पाळण्यातच कळलं असावं, कारण ती चेहऱ्यानं बोलायला लागली. भूक लागली की गाल आत ओढायची, राग आला की एकच भुवई वर चढवायची. शब्द फुटायच्या आधीच तिचं सगळं बोलून झालेलं असायचं. साहजिकच गल्लीनं तिचं नाव ठेवलं बोलकी. मुकीची बोलकी. पुढे सिनेमाच्या जाहिरातीवर तिचं भलतंच भारदस्त नाव छापून आलं, पण त्या नावानं कुणी हाक मारली असती तर तिनं मागं वळूनसुद्धा पाहिलं नसतं.

बाप लवकर गेला. मायलेकी एका सिनेमा कंपनीच्या कपडेखात्यात शिवणकामाला लागल्या. लांबलचक खोली, दोन्ही भिंतींना खुंट्या, खुंट्यांवर राजे-राण्या-शिपाई उलटे-सुलटे लटकलेले. मधल्या मेजावर कोळशाच्या इस्त्र्या, खडू, बरण्यांत बटणं. पांढरा कपडा कॅमेऱ्यापुढं डोळ्यांवर चमकतो म्हणून सगळं पांढरं आधी फिकट निळ्या पाण्यात बुडवून काढायचं. मायलेकींची बोटं कायम निळसर असायची. सिनेमा तेव्हा बोलत नव्हता. पडद्यावर माणसं ओठ हलवायची, मग चित्र थांबायचं आणि काळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत त्यांचं बोलणं उमटायचं.

एके दिवशी दुपारी आई खालच्या अंगणात कपडे वाळत घालत होती आणि बोलकी वरच्या खिडकीतून तिला काहीतरी सांगत होती. सांगायचं एवढंच होतं, की नटीच्या झग्याला इस्त्रीचा डाग पडला, खात्याची मुकादम बाई चिडली, दोष दुसरीचा आणि बोलणी मात्र मी खाल्ली. हे सगळं तिनं जागची न हलता, एक आवाज न काढता सांगितलं. मुकादम बाईचं नाक, डाग पाहून बसलेला धक्का, खोट्या आरोपानं भरून आलेले डोळे, सगळं. आईनं खालून हात झटकून सांगितलं, "जाऊ दे, मर म्हणावं."

अंगणातून चाललेले दिग्दर्शक हे बघत उभे राहिले होते. या गृहस्थांना कंपनीत सगळे पाठीमागं 'पुन्हासाहेब' म्हणायचे, कारण कुठलंही दृश्य पहिल्या फेरीत झालं असं ते आजवर म्हणाले नव्हते. ते जिना चढून वर आले.

"खिडकीत कोण होतं?"

मुकादम बाई घाईघाईनं म्हणाली, "साहेब, चुकलं पोरीचं, कामाच्या वेळेला..."

"उद्या सकाळी तिला रंग लावून काचघरात पाठवा."

काचघर म्हणजे चित्रीकरणाची जागा. छप्पर काचेचं, कारण उजेड सूर्याचाच लागायचा. आत भट्टीसारखं तापायचं. तोंडाला पिवळट लेप, ओठांना गडद रंग, आणि समोर कॅमेऱ्याची मूठ एकसारखी गरगर फिरवणारा चक्कीवाला. बोलकी घाबरली नाही. तिला वाटलं, यात काय अवघड आहे? आईशी बोलतो तसंच तर बोलायचं.

आणि घोडं तिथंच पेंड खायला लागलं.

पहिल्या सिनेमात ती सावत्र आईच्या जाचाला कंटाळून घर सोडणारी मुलगी होती. दाराशी वळून ती सावत्र आईला सुनावते, असं दृश्य होतं. बोलकीनं असं सुनावलं की चक्कीवाल्याची मूठ क्षणभर अडखळली. "मी जाते, पण लक्षात ठेव, या घरात तुझं तोंड बघायलासुद्धा कुणी उरणार नाही!" सिनेमा लागला तेव्हा ती मोठ्या हौशीनं बघायला गेली. पडद्यावर तिचे डोळे आग ओकत होते. मग चित्र थांबलं आणि पाटी आली: 'माते, माझे काही चुकले असल्यास क्षमा कर.'

प्रेक्षकांतल्या बाया डोळे पुसायला लागल्या. बोलकी खुर्चीत ताठ झाली.

दुसऱ्या दिवशी ती तडक पाट्या लिहिणाऱ्या मास्तरांकडं गेली. मास्तर एका कोपऱ्यातल्या खोलीत बसून काळ्या पुठ्ठ्यावर वळणदार अक्षरं काढत असायचे. ब्रश धुवायचं पाणी कुठलं आणि चहा कुठला, हे त्यांचं त्यांनाही कळत नसे.

"मास्तर, मी क्षमा कुठं मागितली?"

"काय म्हणालीस?"

"मी तिला शिव्याशाप देत होते. दिसत नव्हतं का?"

मास्तरांनी चष्म्यावरून पाहिलं. "अगं, पाट्या मी आधीच लिहून ठेवतो. तुम्ही नंतर काय तोंडं वेंगाडता ते बघायला मला कुणी बोलावत नाही."

"मग माझ्या चेहऱ्याचा उपयोग काय?"

"अक्षर वाचता न येणाऱ्यांसाठी चेहरा असतो," मास्तर म्हणाले, आणि ब्रश चहात बुडवला.

मास्तर थट्टेत बोलले, पण ते खरंच होतं. बोलकीच्या आईला अक्षर वाचता येत नव्हतं. ती सिनेमा बघून आली, लेकीला जवळ घेतलं आणि खुणेनं म्हणाली, "बरं झालं, चांगली झाडलीस त्या बाईला." सबंध गावात खरा सिनेमा कळलेली तेवढी एकच बाई.

तीन वर्षांत बोलकीनं सात सिनेमे केले. सातांपैकी दोनांत ती पाठमोरीच दिसली. एकात तिचं मोठं काम होतं, पण नायिका झालेल्या बाईसाहेबांना ते पाहून डोकेदुखी सुरू झाली, आणि त्यांची डोकेदुखी थांबेपर्यंत बोलकीची दृश्यं कापली जात राहिली. उरल्या चारांत, पहिल्यातला तो दारातला राग सोडला तर, ती रडली. पुन्हासाहेबांना तिचं रडणं फार पसंत होतं. ती हसली की म्हणायचे, "फार होतंय." ती चिडली की म्हणायचे, "बाईमाणसाला शोभत नाही." रडली की मात्र "वा! पुन्हा." तिनं एकदा धीर करून सांगितलं, "साहेब, मला एकदा भांडखोर बाईचं काम द्या. बघा तरी." साहेब म्हणाले, "भांडखोर बाई घरोघर फुकट बघायला मिळते, त्यासाठी थिएटरात कोण येईल?" पालथ्या घड्यावर पाणी. ती परत खाली गेली आणि रडायच्या दृश्यासाठी तोंडाला लेप लावून घेतला.

आठव्या सिनेमात नशीब उघडलं असं वाटलं. बाईसाहेब आजारी पडल्या आणि नायिकेचं काम तिच्याकडं आलं. नायक कंपनीचा लाडका होता. त्याचं रूप असं की त्याला सगळे राजबिंडा म्हणायचे, आणि त्याची एक गोष्ट कंपनीबाहेर कुणालाही ठाऊक नव्हती. तो बुटका होता. जवळच्या दृश्यांत त्याच्या पायाखाली जाड लाकडी फळी ठेवायचे. कॅमेरा कमरेच्या खाली जायचा नाही, त्यामुळं लोकांना राजबिंडा नायिकेपेक्षा चांगला वीतभर उंच दिसायचा.

शेवटचं निरोपाचं दृश्य होतं. तो युद्धावर निघालाय, ती त्याच्या छातीला बिलगून त्याच्याकडं बघत बोलतेय. भर दुपार, वर काच तापलेली. राजबिंडा फळीवर चढला आणि फळीची कड बोलकीच्या उजव्या पायाच्या बोटांवर बसली. तिच्या पायात नुसत्या कापडी सपाता होत्या.

"साहेब, फळी पायावर आलीय."

"हलू नका! उजेड जाईल."

"साहेब, खरंच पायावर..."

"चेहऱ्यावर दुःख काय सुरेख उतरलंय! तसंच राहू द्या. पुन्हा!"

तिनं तीनदा सांगितलं. तिसऱ्यांदा राजबिंड्यालाही सांगितलं, "अहो, जरा मागं सरका." तो ओठ न हलवता म्हणाला, "मागं सरकलो तर खाली येईन." चौथ्या फेरीला चक्कीवाल्यानं मूठ फिरवायला सुरुवात केली, राजबिंड्यानं तिला जवळ ओढण्यासाठी सगळा भार पुढं टाकला, आणि बोलकीच्या डोक्यात कळ गेली. कॅमेरा चालू असताना थांबायची सोय नव्हती. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. पण तिचं तोंड कुणी दाबलं नव्हतं. आवाज तर कुठंच जाणार नव्हता. भरल्या डोळ्यांनी, थरथरत्या ओठांनी, एकेक अक्षर स्वच्छ उच्चारत ती त्याच्या तोंडाकडं बघून म्हणाली, "खाली उतर रे बुटक्या रेड्या, माझ्या बोटांचा चुरा केलास! आणि त्या पुन्हा-पुन्हा करणाऱ्याला घाला कुणीतरी चुलीत!"

काचघरात सगळ्यांनी ऐकलं. चक्कीवाला हसू दाबत मूठ फिरवत राहिला. पुन्हासाहेबांना मात्र फक्त चेहरा दिसत होता; ते आयुष्यात पहिल्यांदा म्हणाले, "झालं. पुन्हा नको."

सिनेमा तुफान चालला. त्या दृश्यावर पाटी होती: 'नाथ, आपण विजयी होऊन या. मी विरहातही सुखी आहे.' लोक हुंदके देत बाहेर पडायचे. एका वर्तमानपत्रानं लिहिलं, की असा चेहरा पडद्यावर पूर्वी कधी आला नव्हता. बोलकीनं तो कागद घडी करून बटणांच्या बरणीत ठेवला. आता पुढच्या सिनेमात माझं काम मी मागून घेणार, असं तिनं आईला सांगितलं. आई पहिल्याच दिवशी सिनेमा बघून आली होती. घरी आल्यावर तिनं लेकीचा कान पिळला आणि मग भिंतीला टेकून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. "कुणाला कळलं तर?" तिनं खुणेनं विचारलं. "कुणाला कळणार?" बोलकी म्हणाली. "तुझ्याशिवाय माझ्या तोंडाकडं बघतंय कोण?"

पंधराव्या दिवशी बहिऱ्या मुलांच्या शाळेच्या बाईंनी चाळीस मुलं दुपारच्या खेळाला आणली. वर्षातून एकदा मुलांना बाहेर न्यायचं, म्हणून आणली. ही सगळी मुलं ओठ वाचणारी. निरोपाचं दृश्य आलं. सारं थिएटर मुसमुसत असताना पुढच्या चार रांगा खो-खो हसत सुटल्या. काही मुलं खुर्चीवर उभी राहून एकमेकांना 'बुटका रेडा' करून दाखवू लागली. बाई आधी मुलांवर रागावल्या. मग त्यांनी स्वतः पडद्याकडं नीट पाहिलं आणि घरी जाऊन वर्तमानपत्राला पत्र लिहिलं, की कोवळ्या मुलांपुढं अशी भाषा शोभते का? वर्तमानपत्रानं पत्र छापलं, आणि ते वाक्यही. चुलीचा भाग गाळला, बुटका ठेवला.

दोन दिवसांत गावभर एकच चर्चा. राजबिंडा खरंच बुटका आहे काय? लोक थिएटरात त्याच्या पायांकडं बघायला जाऊ लागले, आणि पाय कुठंच दिसत नाहीत हे पहिल्यांदा त्यांच्या लक्षात आलं.

कंपनीच्या मालकांनी बोलकीला बोलावलं. खोलीत पुन्हासाहेब खिडकीकडं तोंड करून उभे होते.

"हे तू बोललीस?" मालकांनी वर्तमानपत्र पुढं सरकवलं.

"बोलले. फळी पायावर होती. आधी तीनदा सांगितलं, कुणी ऐकेना. विचारा साहेबांना."

साहेब खिडकीतून बाहेर बघत राहिले.

"अगं, मग तोंडानं सांगायचं ना नीट!"

"तोंडानंच सांगितलं, मालक. त्याचंच तर झालंय हे."

मालकांना हसू आलं असावं, कारण त्यांनी रुमाल तोंडाला लावला. मग गंभीर होऊन म्हणाले, "हे बघ, तो रुसून घरी बसलाय. तू असशील तर तो काचघरात पाऊल टाकणार नाही. नायिका मला दहा मिळतील, तसा नायक कुठून आणू?"

"माझ्या दोन बोटांची नखं गेली, मालक."

"वाईट झालं," मालक म्हणाले. "थोडे दिवस घरी राहा. वारं शांत झालं की बोलावतो."

वारं शांत झालं, पण बोलावणं आलं नाही. ती दर आठवड्याला फाटकाशी जायची. फाटकावरचा पहारेकरी आधी उठून उभा राहायचा, मग बसल्या बसल्या मान हलवायला लागला, मग तेही नाही. तिला सगळ्यात चीड कशाची येत असेल तर याची, की राजबिंडा स्वतः प्रत्येक प्रेमाच्या दृश्यात आदल्या दिवशी जेवायला काय होतं ते सांगायचा, आणि त्याची एक चूक कुणी धरली नव्हती. ती शाळेच्या बाईंनाही जाऊन भेटली. बाई बिचाऱ्या ओशाळल्या. त्यांनी दुसरं पत्र लिहिलं, की त्या मुलीचा दोष नव्हता. ते पत्र छापून आलं नाही. "मला तुमच्याकडं कामाला घ्या," बोलकी म्हणाली. "मला या मुलांशी बोलता येतं." बाईंनी संचालकांना विचारलं. संचालक म्हणाले, प्रमाणपत्र हवं. जन्मभर जे केलं त्याचं प्रमाणपत्र कुठून आणायचं, हे त्यांनी सांगितलं नाही.

दीड वर्षानं सिनेमा बोलायला लागला. जुन्या कंपनीत धावपळ उडाली. राजबिंड्याचा आवाज शिट्टीसारखा निघाला आणि तो हवा पालटायला म्हणून जो गेला तो परत आला नाही. नव्या माणसांची परीक्षा सुरू आहे असं चक्कीवाल्यानं घरी येऊन सांगितलं. बोलकी धावतच गेली. आता तरी पाटी मध्ये येणार नव्हती. आता ती बोलेल तेच लोकांना ऐकू जाणार होतं.

बाहेरचा आवाज आत येऊ नये म्हणून काचघराची काच आता रजया ठोकून बंद केली होती. काचेच्या पेटीत कानाला भोंगे लावून बसलेला आवाजवाला म्हणाला, "आवाज छान आहे." तिचा जीव भांड्यात पडला. मग कच्चं चित्र पडद्यावर लावलं. आवाज खरंच छान होता, मऊ आणि भरलेला. पण चेहरा! प्रत्येक अक्षराला ओठ पूर्ण उघडत होते, भुवया शब्दाबरोबर चढत-उतरत होत्या, जणू ती ओढ्यापलीकडच्या माणसाला हाका मारतेय.

पुन्हासाहेब मागं बसले होते. यावेळी ते कनवाळूपणानं बोलले. "आता आवाज बोलतो, बाई. चेहऱ्यानं गप्प बसायचं. महिनाभर सराव करा, मी पुन्हा घेतो तुम्हाला."

तिनं सराव सुरू केला. आरशापुढं बसून, गाल न हलवता, भुवई न उचलता, ओठ जेमतेम उघडून बोलायचं. खोली एकच, घरात माणसं दोनच. सकाळी आईनं विचारलं, पीठ आणायचं का? बोलकीनं ओठ जेमतेम हलवून उत्तर दिलं. आईला कळलं नाही. तिनं पुन्हा विचारलं, बोलकीनं पुन्हा तसंच. आईनं मेजावर हात आपटला. "नीट बोल!"

सवय मोडायची तर चोवीस तास मोडायला हवी, असं बोलकीनं ठरवलं होतं. आठवडाभर ती तशीच वागली. आठव्या दिवशी आईनं विचारणंच सोडलं. जेवताना ती ताटाकडं बघायची, शिवताना सुईकडं. लेकीकडं बघेना. एके दुपारी बोलकी बाहेरून आली तर आई आरशापुढं बसून स्वतःचा चेहरा चाचपत होती. लेकीला पाहून तिनं हळूहळू खुणा केल्या, "माझी लाज वाटते ना तुला आता? लोकांत गेलीस, म्हणून माझ्यासारखं बोलायचं नाही?"

बोलकीनं तिला समजावलं. सगळा चेहरा वापरून, दोन्ही हात वापरून, आवाजवाला, भोंगे, रजया, सगळं समजावलं. आईनं सगळं बघून घेतलं आणि खुणेनं म्हणाली, "मग कर सराव. मी त्रास नाही देणार." आणि ती खरंच सुईकडं बघत बसली. ते बोलकीला पाहवेना.

तिनं सराव सोडला. पुढे कुणी म्हणायचं, आईसाठी केवढा त्याग केला, तर ती खवळायची. "त्याग कसला? तीन आठवडे घासूनसुद्धा भुवई खाली राहत नव्हती. जमलं असतं तर आईला चार दिवस रडू दिलं असतं मी." खरं काय, ते तिलाही सांगता आलं नसतं. दुसऱ्या परीक्षेला ती गेली, नापास झाली आणि त्याच पावली कपडेखात्याचा जिना चढून मुकादम बाईपुढं उभी राहिली. मुकादम बाईनं काही न विचारता तिच्यापुढं सुई-दोरा ठेवला.

तिथं ती एकवीस वर्षं होती. चक्कीवाल्याशी लग्न केलं. कॅमेऱ्याला वीज आल्यावर त्याचीही मूठ सुटली होती. तिच्या आठही सिनेमांची रिळं कंपनीनं एका उन्हाळ्यात गोदाम रिकामं करायचं म्हणून रसायनात धुऊन काढली, त्यातली चांदी निघते म्हणून. नवऱ्यानं ते तिला आठ दिवसांनी सांगितलं. तेव्हा ती काज करत होती. "आधी सांगायचं होतंस," एवढंच म्हणाली. त्या दिवशी तिनं केलेली काजं सगळी उसवावी लागली.

बोलपट बघायला आईला घेऊन ती एकदाच गेली. पडद्यावरची माणसं एकमेकांना पाठ करून बोलत होती, झाडाआडून गात होती, ओठ धड दिसत नव्हते. आई अर्ध्या तासात उठली. तेव्हापासून बोलकी एकटी जाऊन सिनेमा बघून यायची आणि रविवारी दुपारी भांडी झाली की आईला खुर्चीत बसवून सगळा करून दाखवायची. नायक, नायिका, सासरा, वकील, कोसळणारा पूल, सगळं एकटी. कितीदा तरी मूळ गोष्ट तिला पटायची नाही, मग ती नायिकेला चांगलं खणखणीत भांडायला लावायची.

अशाच एका रविवारी ऐन न्यायालयात, नायिका सगळ्यांपुढं बोट रोखून उभी असताना, आईची मान कलंडली. म्हातारपण, पोटभर जेवण, दुपारची वेळ. बोलकीचा हात हवेतच राहिला. तिला असा राग आला की खुर्ची हलवावीशी वाटली. दारात विडी ओढत बसलेला नवरा म्हणाला, "राहू दे, झोपली ती."

"झोपू दे," बोलकी म्हणाली, आणि बोट तसंच रोखून तिनं उरलेलं न्यायालय पुरं केलं.